मंचाखालची बाई

शिकागो, ४ सप्टेंबर १९५१
लागली एकदाची नोकरी! इतकी वर्षं चर्चच्या तळघरांत बाहुले नाचवले, आता थेट टेलिव्हिजन. दर मंगळवारी संध्याकाळी गाणी, जादू, कसरती आणि मधे आमचा फिग्बी: लाकडी डोकं, चौकड्यांचा कोट, जीभ लांब. मी मंचाखाली गुडघ्यांवर, हात वर त्याच्या पोटात, नजर कॅमेऱ्यातलं चित्र दाखवणाऱ्या समोरच्या छोट्या पडद्यावर. निर्माते क्विल्टीसाहेब म्हणाले, मिस हॉर्वात, तुमचा चेहरा दिसणारच नाही, पावडरीचा खर्च वाचला! मीही हसले.

११ सप्टेंबर
पोतंभर पत्रं आली, सगळी फिग्बीला. कार्यक्रमाच्या शेवटी येणाऱ्या नामावलीत माझं नाव घाला म्हटलं, तर क्विल्टी म्हणाले, मुलांना तो खराच वाटू दे. अंगाचा तिळपापड झाला. माझं नाव एकदा तरी लोकांनी वाचावं, एवढंच मागते आहे.
इथे बाहुले खुंटीला उलटे टांगतात, हात पटकन आत जावा म्हणून. मला बघवेना. फिग्बीला खुर्चीत बसवलं. मंचावरचं सामान हलवणारा म्हातारा ओटिस खवळला. म्हणाला, बाई, लाडावून ठेवू नका त्याला; उलटा असतो तोवर तो हाताची वाट बघतो. मी उडवून लावलं.

१८ सप्टेंबर
कॅमेऱ्याचा लाल दिवा लागला तेव्हा माझा हात अजून माझ्या मांडीवरच होता. वर फिग्बी बोलत होता. माझ्याच आवाजात, मंचाखालच्या प्रौढ कुमारिकेवर विनोद करत. लोक पोट धरून हसले. मी काहीच केलं नाही, असं सांगितलं, तर क्विल्टी म्हणाले, विनय पुरे हो.

२५ सप्टेंबर
फिग्बीला उलटा टांगला. वळून बघते तर खुर्चीत. ओटिस माझ्याकडे बघतही नाही.
आज कार्यक्रमात फिग्बीने सगळ्यांना सांगितलं, पुढच्या मंगळवारी नवी बाहुली. माणसाएवढी. क्विल्टी खूश, मला विचारतात, केव्हा बनवलीत?
पळून जावं. पण मग माझं नाव—

२ ऑक्टोबर
दिसला. चेहरा दिसला माझा. सगळ्या देशाला.
पाठीतून छोटा, गार हात शिरला— तोंड उघडलं, मी नाही उघडलं— लोक हसले. क्विल्टी म्हणाले, हुबेहूब बाई!
आता खुंटीला आहे. वही खाली पडलीय, हात पोचतो—
बाहुलीचं नाव नामावलीत येणार म्हणे. फिग्बीने ठेवलंय ते. ते माझं नाही. माझं नाव