आधी बोल, मग हात लाव

३ मार्च, मंगळवार
दादाला जाऊन आज चौदा दिवस. ऑफिसचा माणूस कामाची नोंदवही न्यायला आला. दिली. शेवटची ओळ माझ्याच अक्षरात — ‘११.१०. कडं सैल करतोय.’ त्यापुढे पान कोरं.

४ मार्च
वहिनी त्याचे शर्ट घड्या घालून पेटीत ठेवत होती. मान वर न करता म्हणाली, “शेवटचं काय बोलला?”
सांगितलं.
“अजून काही?”
“नाही, वहिनी.”
एका शर्टाची बटणं तिने पुन्हा सोडली, पुन्हा लावली.

६ मार्च
झोप नाही. इथे तरी खरं लिहावं.

दादा खड्ड्यात, बॉम्बपाशी. आमचे वडीलही जन्मले नव्हते तेव्हाच्या लढाईतला बॉम्ब. मी दोनशे मीटर मागे, वाळूच्या पोत्यांआड, कानाला फोन. नियम एकच — आधी बोल, मग हात लाव. तो पायरी बोलणार, मी लिहून परत म्हणणार, मग त्याने करायची. काही झालंच तर कुठली पायरी घातक ते पुढच्याला कळावं. माझं काम तेवढंच.

दादाला धीर नव्हता. फोनमध्ये आधी पान्याचा आवाज यायचा, मग शब्द. सहा वर्षं! एकदा हटकलं तर म्हणाला, “बोलत बसलो तर इथेच म्हातारा होईन गं मी!” हसले. लिहीत गेले.

त्या दिवशीही पाना आधी वाजला. तो बोलला तेव्हा बॉम्बच्या तोंडाचं कडं सैल झालेलंच होतं. पुढची पायरी म्हणजे आतली, बॉम्ब पेटवणारी नळी ओढणं. ती ओढली, बोलायच्या आत स्फोट.

९ मार्च
दवाखान्याच्या आवारात पाया खणताना तसलाच बॉम्ब निघाला. लेखी सूचना आली — ‘कड्याला हात लावू नये. ते न फिरवता नळी ओढून काढावी.’
माझ्या ओळीवरून!
गुरुवारी दाढीवाला उतरणार. दादाच्याच हाताखाली तयार झालेला. ऑफिसात दादाचा फोटो लावलाय, खाली ‘नियमाचा पक्का’.

१० मार्च
आधी वहिनीला सांगितलं. वाटलं, घराबाहेर काढेल.
ती म्हणाली, “घरी तरी काय वेगळं? चहा पिऊन झाला की विचारायचा, चहा घेऊ का?”
दोघी हसलो. मग ती न्हाणीघरात गेली. नळ बराच वेळ चालू होता. बाहेर येऊन एवढंच म्हणाली, “जा. दाढीवाल्यालाही बायको आहे.”

मग ऑफिसात. साहेबांनी दार लावून घेतलं, सगळं ऐकलं.
“सहा वर्षं?”
“हो.”
“आणि तू नुसती लिहीत बसलीस?”
“हो.”
त्यांनी समोरच्या सूचनेवर काट मारली. मग, “फोटोखालची ओळ काढावी लागेल.”
“काढा.”

११ मार्च
सूचना बदलली. कडं नाही, नळी नाही. बाजूने गिरमिटाने भोक पाडायचं, वाफेने आतली दारू वितळवून काढायची.
दाढीवाला जिन्यात भेटला. “मेलेल्या माणसाचं नाव घालवलंस, ताई.” माझ्याकडे बघितलंही नाही.
उद्या फोनवर मीच. दुसरं कोणी नाही.

१२ मार्च, गुरुवार
१०.२० — ‘माती पुसतोय.’ परत म्हटलं. १०.३५ — ‘खुणेचं वर्तुळ काढतोय.’ परत म्हटलं.
मग फोनमध्ये गिरमिटाची घरघर. आणि नंतर त्याचा आवाज — “भोक पाडायला घेतोय.”
लिहिलं नाही. पेन्सिल खाली ठेवली. म्हटलं, “वर ये.”
“अगं, सुरू केलंय—”
“वर ये आधी!”
आला. शिव्या देत आला. स्वतःच्या पायांनी चालत आला.