कापडात मुरलेले विचार

ता. २ एप्रिल १९२५

सापडलं! विचार ही वस्तू आहे — तेलासारखी. डोक्यातून पाझरते, टोपीत मुरते, आणि पापडखारात तीनदा उकळली तरी जात नाही. घाम जातो, तेल जातं, हा राहतो. पातळ निळीत बुडवलं की उमटतो. काळजी असली तर कडेला काळपट वळं. द्वेष नीळ घेतच नाही, तिथे कापड पांढरं राहतं. भीती रेघारेघांनी उतरते, ओल्या भिंतीसारखी.

सव्वीस वर्षं मेहकरात रंगाऱ्याचं काम करतो. आजवर हे डाग धुलाईतली चूक समजत होतो!

बायकोला, मंजुळेला सांगितलं. भाकरी थापता थापता म्हणाली, एवढं कळतं तर माझ्या पदरात काय मुरलं आहे ते सांगा. पदर मात्र दिला नाही.

ता. ५

शाळेचे पंजाबराव मास्तर बायकोचं लुगडं न्यायला आले. त्यांच्यापाशी सगळं बोललो. हसले नाहीत, हे त्यांचं मोठेपण. म्हणाले, रविवारी बिनखुणेच्या पाच टोप्या आणतो, चार माणसांसमोर पडताळून बघू.

हो म्हटलं.

ता. १२, रविवार

जिंकलो!

शाळेच्या ओसरीवर वीस-पंचवीस माणसं. सकाळी टोप्या निळीत घातल्या, दुपारपर्यंत वाळल्या. पहिली हातात घेतली नि सांगितलं — हिच्यात काहीच नाही. मास्तर म्हणाले, ती कालच दुकानातून आणली. दुसरी घेतली. म्हटलं, ह्या माणसाला एका माणसाचा रोज राग येतो. पोस्टमन आपणहून पुढे झाला. शेजाऱ्याचं नाव सांगू का, म्हणाला. तिसरी बरोबर, चौथी बरोबर.

पाचवीला थांबलो. टोपीभर भीतीच्या रेघा. बोलावं की नाही कळेना. शेवटी म्हटलं, हा माणूस घरातल्या कुणासाठी तरी रोज भितो.

कुणी पुढे येईना. मग मास्तरांनी ती टोपी माझ्या हातातून घेतली आणि तशीच निळी डोक्यावर घातली. हळू आवाजात म्हणाले, "दोन बाळंतपणं वाया गेली. तिसरं जवळ आलंय. हे मी कुणाला बोललो नव्हतो."

अन्नपूर्णाबाई सुईण भिंतीपाशी उभी होती. ती तिथूनच त्यांच्या घरी गेली.

घरी आलो तर पाय जमिनीला लागेनात.

ता. १५

दारात टोप्यांची रांग. एकजण जावयाची टोपी चोरून घेऊन आला. परत पाठवला.

ता. २४

सुलतानपूरचा गाडीवान गाठोडं देऊन गेला. अंबूवहिनीनं पाठवलेलं. सहा वर्षांत पहिल्यांदा! पुतणी कोकिळा, तिचं लग्न आहे तीन मेला. आत एक पांढरा पटका. तो लाल रंगवून हवा. दादाला ठाऊक आहे का, विचारलं. गाडीवानाला काही माहीत नाही.

इथे लिहितो, कारण दुसरीकडे कुठे बोलता येत नाही. मानमोडीच्या साथीत आई गेली. दादा — हिंमतराव — गाडीत कापूस घालून मलकापूरला गेलेला. थोरला तो, अग्नी देण्याचा मान त्याचा. मी त्याची वाट पाहिली नाही. दुसऱ्या दिवशी तो आला तेव्हा राख झाली होती. त्यानं काऊन म्हणून विचारलं. मी म्हणालो, तू नव्हता, मी होतो. बस, एवढंच. त्याच महिन्यात तो बायकोच्या गावी सुलतानपूरला गेला नि तिथलाच झाला. पाच कोसांवर. मी गेलो नाही, तो आला नाही.

ता. २५

लाल देण्याआधी पटक्याचा डोक्याला टेकणारा हातभर भाग निळीत बुडवला. वरून लाल चढला की दिसायचं नाही.

द्वेष शोधत होतो. पांढरा ठिपका एक नाही! नुसती भीती, रेघांवर रेघा. म्हणजे दादा माझ्यावर रागावलेला नाही — मी येणार नाही ह्या भीतीनं झुरतो आहे. आजवरचा सगळ्यात मोठा निकाल!

मंजुळेनं कापड उजेडात धरून पाहिलं. मग म्हणाली, "तुमची विद्या खरी का खोटी, मले नाही समजत. बोलावणं खरं हाये. जा."

ता. ३०

पटका झकास लाल उतरला. मास्तरांना मुलगी झाली, मायलेकी खुशाल. अन्नपूर्णाबाई त्या रविवारपासून रोज जात होती म्हणे. उद्या पहाटे निघतो.

ता. १ मे, सुलतानपूर

दादा ओट्यावर होता. मी पटका पुढे ठेवला आणि वाचलं ते सांगितलं — तुझ्या मनात राग नाही, भीती आहे. तो घडी उलगडत राहिला.

म्हणाला, "हा माहा नाही, इंद्रभान. तुहा हाये. मायच्या दिवशी तू डोकं भादरलं, तवा घरी पडून राह्यला होता. मीच संगं आणला. डोक्याले कधी लावला नाही."

मग त्यानंच विचारलं,

"म्हंजे त्या दिवशी तू भेला होता?"

"हाव," म्हटलं. "घरात लेकरं होती. साथ त्याहिले धरन म्हणून घाई केली. तुह्यासमोर भेलो म्हणता आलं नाही."

दादानं तो पटका माझ्या डोक्याला बांधला. उद्या हळद आहे. मांडवाला खांब कमी पडतात, आम्ही दोघं आणायला निघालो.