वारा सोडून दिलेला नावाडी

अमलापुरम,
१७ जानेवारी २०१४

चि. हैमवती हिस,
मामय्याचे अनेक आशीर्वाद. इकडे सर्व क्षेम.

तू लिहिलेला ‘पेनुगाली’ सिनेमा संक्रांतीला पाहिला. कोंबड्यांची झुंज सोडून पाहिला, यातच काय ते ओळख. गोदावरीतल्या बेटावरचा साधा नावाडी मुखवटा चढवतो काय, वाऱ्यावर हुकूम चालवतो काय आणि पुरातून अख्खं गाव एकटा उचलतो काय! पोरांनी थिएटरबाहेरच्या त्याच्या कटआउटला दुधाने न्हाऊ घातलं. आमची ही, म्हणजे तुझी अत्तय्या, म्हणाली, गावात चहाला थेंब उरला नाही.

एक खोड काढतो. उभा जन्म मी नाटकात मारुती रंगवला. मारुतीलासुद्धा त्याचं बळ कुणीतरी आठवून द्यावं लागतं. तुझ्या नावाड्याला तर कुणाची गरजच नाही!

लोभ आहेच, पत्र न टाकल्यास तो आटेल, हे ध्यानात असू दे.

तुझा मामय्या

हैदराबाद,
२ ऑक्टोबर २०१६

ती. मामय्यांस,
हैमवतीचा शि. सा. न. वि. वि.

दुसरा भाग पाहून तुम्ही भडकलात, हे अत्तय्यांकडून कळलं. पोरीने देवाचा राक्षस केला, असं म्हणालात म्हणे. पण ज्याला कुणाचीच गरज नाही, त्याला माज चढायचाच की. तो वाऱ्याने आपल्या बेटावरचा पूर परतवतो, पाणी समोरच्या बेटात शिरतं, तिथली घरं बुडतात, आणि तरी हा टाळ्यांची वाट बघत उभा! खोड तुम्हीच काढली होती, मी फक्त ती तडीस नेली.

तिसऱ्या भागात तो वारा सोडून देणार आहे. मुखवटाही.

रागावलात तरी लोभ असू द्या.

आपली हैमा

अमलापुरम,
९ ऑक्टोबर २०१६

चि. हैमवती हिस, आशीर्वाद.

वारा नाही, मुखवटा नाही, मग लोकांनी तिकीट कशाला काढायचं? मारुतीची शेपटी कापलीस तर लोक त्याला माकड म्हणतील. पोरं पडदा फाडतील, बघ. हट्टीपणात आईवर गेली आहेस. सोबत पूतरेकुलु पाठवले आहेत, गोड खाऊन डोकं थंड कर.

तुझा, तूर्त नाराज, मामय्या

हैदराबाद,
५ जानेवारी २०१९

ती. मामय्यांस, शि. सा. न. वि. वि.

निर्मात्यांनी तिसऱ्या भागाचे दोन शेवट चित्रित करून घेतले आहेत. माझ्या शेवटात तो फुटत्या बांधावर दोर धरून उभा राहतो आणि ज्यांची घरं त्याने बुडवली त्यांनाच हाक मारतो, की मला एकट्याला जमत नाही, या. दुसऱ्यात ऐनवेळी वारा परत येतो आणि तो उडतो. पहिले काही दिवस माझा शेवट दाखवणार. लोकांनी नाकं मुरडली तर दुसरा जोडणार. तसं झालं तर इतकी वर्षं घडवलेला माणूस पुन्हा बाहुला होईल, आणि मला ते बघवणार नाही.

पहिल्या खेळाला तुम्ही जा आणि पत्र लिहा. फोनवर तुम्ही माझं मन राखाल; कागदावर खोटं लिहायला तुमचा हात रेटत नाही.

माया पातळ होऊ देऊ नका.

आपली हैमा

अमलापुरम,
१६ जानेवारी २०१९

चि. हैमवती हिस,
मामय्याचे पोटभर आशीर्वाद.

दुसरा शेवट कायमचा डब्यात गेला, हे तुला कळलंच असेल. मी थिएटरातलं सांगतो.

बांध फुटू लागला तशी पोरं कागदाच्या चिंध्या मुठीत धरून खुर्च्यांवर चढली, आता उडेल म्हणून. त्याने मुखवटा काढला आणि हाक मारली. चिंध्या मुठीतच राहिल्या. तेवढ्यात बेटावरून मासळी विकायला येणारी म्हातारी अप्पायम्मा उठली आणि पडद्यावर खेकसली, की अरे, बघत काय बसलात मेल्यांनो, धरा की दोर! जन्मभर पूर पाहिलेली बाई ती. पडद्यावरची माणसं धावली आणि चिंध्यांचा असा पाऊस पडला की पडदा दिसेना.

मग सुरू झालं ‘वन्समोर’. आपल्या नाटकात वन्समोर मिळाला की मेलेला कर्णही उठून पद पुन्हा म्हणतो, पण कुणी मदत मागितली म्हणून वन्समोर मिळालेला मी आजवर पाहिला नव्हता. ऑपरेटरने निमूटपणे खेळ मागे नेला. त्याने पुन्हा हाक मारली, की मला एकट्याला जमत नाही, या. आणि हैमा, अख्खं थिएटर एका आवाजात ओरडलं, ‘आलो!’

त्यात सगळ्यांत मोठा आवाज कुणाचा होता, ते अत्तय्याला विचार. घसा पार बसला आहे.

लोभ वाढव, पोरी. आता मीही तो मागून घेतो.

तुझा मामय्या