उसाशाच्या कुंडातली गोधडी

मंगळवार, ता. १०

धाकटे,
थोरलीचा तुला अंगभर आशीर्वाद. वि. वि.

सगळ्यांच्या आधी आली ती मोजणीवाली. सरकारी आहे, झरे मोजत फिरते. तिच्यामागून तिची दोन माणसं, आणि त्यांच्यामागून वास काढत आपली पाववाली. आता म्हातारी झाली, पण आवाज तोच. घरात चार माणसं एकदम आली की मला किती हर्ष होतो, तुला ठाऊकच आहे. सगळ्या खुर्च्या बाहेर काढल्या. मोडक्या पायाची नेमकी पाववालीच्या वाट्याला गेली. मुद्दाम नाही दिली हं! नात म्हणते दिली.

मोजणीवालीला मी उसाशाच्या कुंडाचं सगळं सांगितलं. रोज बाराच्या सुमाराला खडकातून पाणी उसासा टाकल्यासारखं वर येतं, तिसऱ्या पायरीला शिवतं आणि गुमान खाली जातं. पायरीवर कोणी खोटं माणूस उभं असलं तर येत नाही. ती हसली नाही, वहीत लिहून घेतलं. गुणी पोर.

मग कुंडावर जाऊन तिने तारेला बांधलेला कॅमेरा खडकातल्या भोकात सोडला आणि आकड्याने एक चिंधी ओढून काढली. काळी पडलेली, पण टाके शाबूत. कोणाची म्हणून विचारलं. पाववाली म्हणाली, आली असेल कुठूनतरी वाहून. मी म्हणाले, हो, असेल.

धाकटे, आता खाली बसून वाच. ते टाके आपल्या आईच्या हातचे. ती गोधडी मी कोंबली होती.

कुंडात धुणं धुवायला मनाई, पण त्या पाण्यात साबणाशिवाय मळ सुटतो हे सगळ्या बायकांना माहीत. माझ्या थोरल्याने, तेव्हा दोन वर्षांचा, गोधडी ओली केली होती. सासूबाईंच्या नकळत धुवायला गेले. धुऊन पिळते तोच वरच्या वाटेवर गलका. घाबरले आणि ओला बोळा समोरच्या भोकात सारला.

उतरून आलीस ती तू. मागे पाववाली, तिचा नवरा, माझ्या सासूबाई, सगळी आळी. आदल्या दिवशी त्यांची भट्टी जळली होती, आणि तू तिथे कामाला, म्हणून भट्टीचं झाकण तू उघडं टाकलंस असं त्यांचं म्हणणं. खरंखोटं करायला तुला तिसऱ्या पायरीवर उभं केलं. तू म्हणालीस, मी लावलं होतं. बारा वाजून गेले. पाणी आलं नाही.

मी त्याच पायरीवर, तुझ्यापासून दोन हातांवर होते. तोंड उघडायचा अवकाश होता. सासूबाई ओरडतील म्हणून गप्प राहिले. एवढंच कारण, दुसरं काही मोठं नाही. संध्याकाळी जाऊन ओढली, तर अर्धी फाटून हातात आली. तोवर तू ट्रंक घेऊन बसने गेली होतीस.

एकेचाळीस वर्षं तुला हवापाणी कळवत आले. हे तेवढं दर वेळी कागदावर जागा उरली नाही म्हणून राहिलं, असं स्वतःला समजावत आले.

लोभ ठेव असं कोणत्या तोंडाने लिहू? तरी लिहिते.
तुझी,
थोरली


शनिवार, ता. १४

ताई,
सवयीने नमस्कार लिहिते. वि. वि.

तुझं पत्र दुकानात, मशीनवर बसूनच वाचलं. गिऱ्हाइकाची बाही उलटी जोडली गेली. उसवत बसले, म्हणून उत्तराला उशीर.

तुला वाटतंय, लोकांनी खोटं ठरवलं ते मला लागलं. लोकांचं सोड. पाणी आलं नाही म्हणून मीच स्वतःला खोटी धरलं. झाकणाची कडी लावल्याचा खट्‌ आवाज मला अजून आठवतो, आणि तो मी मनाने बनवलाय असंच धरून चालले. घराबाहेर पडले की तीनदा परत येऊन शेगडी बघते. जावई मला शेगडी इन्स्पेक्टर म्हणतात. मीही हसते. ताई, मला ते हसू आवडत नाही.

तुझी माफी कागदावर नको. त्याच पायरीवर उभी राहा आणि पाववालीला सांग. मग बघू.

गुडघ्यांना जप. हेही सवयीनेच.
धाकटी


गुरुवार, ता. १९

धाकटे,
आशीर्वाद द्यायचा माझा हक्क राहिला असेल तर घे. वि. वि.

सांगितलं. काल, बाराला दहा कमी असताना, तिसऱ्या पायरीवर. मोजणीवाली, तिची माणसं, पाववाली आणि उगाच जमलेले वीसेक. गोधडी, सासूबाई, काही ठेवलं नाही. नातीने दंड धरला होता.

पाववाली आधी माझ्यावर उखडली. म्हणाली, हजारदा माझ्या ओट्यावर येऊन बसलीस, तेव्हा मूग गिळले होतेस का! मग एकाएकी रडायला लागली. म्हणाली, ती पोर रोज दोन-दोनदा कडी तपासायची, मी डोळ्यांनी बघायचे. पण पाण्याने सांगितल्यावर मी कोण बोलणार.

पाणी आलं का, विचारशील. आलं म्हणतात. मी पाववालीचं नाक पुसत होते, माझं बघायचं राहून गेलं.

आणखी एक लिहिणं भाग आहे. मोजणीवाली म्हणते, आत एक नाही, सात भोकं आहेत. एका गोधडीने ते पाणी अडायचं नाही, दहा कोंबल्या तरी नाही. मग त्या दिवशी का आलं नाही, विचारलं, तर म्हणाली, माहीत नाही आजी.

मला माहीत आहे. पाणी खोट्या माणसावर अडलं होतं. ते माणूस तू नव्हतीस. झाकण तू लावलं होतंस.

रागाव हवी तेवढी, पण रागाच्या मागे थोडी माया राहू दे.
तुझी,
थोरली

ता. क. मोजणीवाली आणि तिची माणसं आज गेली. परत येताना त्यांची गाडी तुझ्या दुकानावरूनच येते, मागची सीट रिकामी असते म्हणे. मी काही म्हणत नाही. येतो म्हणालेत रविवारी, ता. २९ ला, सकाळी.