गळका म्हातारा

प्रिय दादा,

'प्रिय' लिहिलंय ते निव्वळ सवयीनं. हा तिसरा कागद आहे. आधीचे दोन रागारागात फाडले.

रविवारी सकाळी माझ्या दारात उभा राहून तू अख्ख्या मजल्याला ऐकू जाईल असा ओरडलास, "बापाला भंगारात काढतेस? लाज नाही वाटत?" माझ्या तोंडात अजून ब्रश होता. चूळ भरून उत्तर देईपर्यंत तू बाबांची बॅग भरायला घेतलीससुद्धा!

वहिनीनं आदल्या दिवशी दारातून काय ऐकलं? मी फोनवर म्हणत होते, "म्हातारा पुन्हा गळायला लागलाय. दिवसभर खालची फरशी पुसून माझी कंबर मोडली. आता त्याला भंगारात काढा, नाहीतर मी तरी निघते." बाईसाहेब उलट्या पावली परत. आत येऊन एका शब्दानं विचारलं असतं तर कळलं असतं, की मी आमच्या लाँड्रीच्या मालकांशी बोलत होते आणि म्हातारा म्हणजे आमचं वीस वर्षांचं कपडे धुण्याचं मशीन. कामावरच्या आम्ही सगळ्याजणी त्याला म्हाताराच म्हणतो. हे तुला सांगितलं, तर तू म्हणालास, "मशीनला कोण म्हातारा म्हणतं? थाप तरी धड मार!"

पाच वर्षं बाबांचं पथ्यपाणी, औषधं, दवाखान्याच्या रांगा मी केल्या. तू महिन्यातून एक फोन करायचास, तोही घाईत. आणि लाज मला?

पण तळपायाची आग मस्तकात गेली ती बाबांमुळे. त्यांना तो म्हातारा पक्का ठाऊक! रोज मी कामावरून आले की हसत विचारायचे, "आज गळला का?" आणि त्या दिवशी खुर्चीत बसून मुकाट्यानं बुटांच्या नाड्या बांधत राहिले.

काल तू कामावर असताना त्यांचा फोन आला. मी फाडफाड बोलले. सगळं ऐकून घेऊन म्हणाले, "चुकलंच गं माझं. पण पाच वर्षांत तो पहिल्यांदा मला न्यायला आला होता. मी तोंड उघडलं असतं, तर तसाच परत गेला असता."

मी फोन ठेवला आणि हा तिसरा कागद घेतला.

ते मशीन दुरुस्त करायला येतो तो तुझाच मित्र. आज ना उद्या तो तुला खरं सांगेल. मग तू ओशाळशील आणि त्याच तिरमिरीत बाबांना माझ्याकडे आणून सोडशील. तसं करू नकोस, एवढ्यासाठी हे लिहिलंय. राहू दे त्यांना तुझ्याकडे. रक्तदाबाची गोळी सकाळी, खाणं झाल्यावर. माफी मागायची असेल तर एकटा ये. मी इतक्यात माफ करणार नाही, पण ये.

तुझीच, अजून धुमसणारी,
धाकटी