पान एकशे बारा, ओळ नववी

दि. ११ मार्च, मंगळवार

प्रिय ताई,

नमस्कार. पत्र बघून दचकू नकोस, इकडे सगळे सुखरूप आहेत. दोन बस बदलल्या की तुझं घर येतं, खिशात फोन आहे, आणि तरी हा शहाणा पत्र लिहीत बसलाय, असं तू म्हणशील. का ते सांगतो, पण माझ्या चालीने. तुझ्या भावजयीचा खोकला एकदाचा थांबला. मुलगी परीक्षेच्या अभ्यासाला लागली आहे, निदान दार लावून तरी बसते. माझा चष्म्याचा नंबर वाढला.

तुझी चिठ्ठी भाचीने परवा आणून दिली. "रविवारी गल्लीची बैठक माझ्याकडे आहे. पाइपलाइनचं यंदा नक्की काय ते लिहून कळव, मी सगळ्यांना शब्द देणार आहे." एवढंच लिहिलंयस. उत्तर देतो. पण आधी दुसरं ऐक, कारण मला एक गंमत सापडली आहे आणि ती तुला सांगितल्याशिवाय चैन पडणार नाही. शेजाऱ्यांचं घड्याळ उघडून बसलो होतो तेव्हापासून तू मला चोंबड्या म्हणतेस. जित्याची खोड, ताई.

झालं असं, की जानेवारीत आमच्या जुन्या कागदांच्या खोलीत पाणी गळलं. (नगरपालिकेच्या स्वतःच्या छपराला तरतूद नाही. हसू नकोस.) बावीस वर्षांची अंदाजपत्रकं भिजली. शहराने वर्षभरात कशावर किती खर्चायचं, त्याची ही जाडजूड पुस्तकं. दरवर्षी ती जुळवायचं काम मीच करतो, पण एक झालं की दुसरं. मागचं उघडून बघायची वेळ कधी आली नव्हती. आता ती सगळी व्हरांड्यात पंख्याखाली उघडी करून वाळत घातली, आणि चिकटू नयेत म्हणून पानं उलटायला मला बसवलं. मांजराला दुधाची राखण दिल्यासारखं झालं ते.

पानं उलटता उलटता दिसलं, की काही वर्षं डांबराची आहेत आणि काही नाहीत.

मी एक मोठा कागद घेऊन वर्षं मांडली. निवडणूक झाली की पहिल्या वर्षी करवाढ, गटारं, जमिनीखालचे पाइप. दुसऱ्या-तिसऱ्या वर्षी सामसूम. चौथं वर्ष उजाडलं की डांबर, दिवे, बागेतली बाकडी. पाचव्या वर्षी तर नुसता रंग. शाळेच्या भिंती, पुलाचे कठडे, जे उभं राहील ते रंगवायचं. चौकातल्या कारंज्याला मी लागल्यापासून चारदा रंग दिला गेला आणि चारही वेळा मतदानाच्या दोन महिने आधी. पाचव्या रंगाचे डबे परवाच आले. पाणी मात्र त्या कारंज्यात मी कधी पाहिलं नाही.

डांबराची कामं घेणारा ठेकेदार बिलाच्या चौकशीला येतो, त्याला मी हे मोठा शोध लागल्यासारखं दाखवलं. तो पोट धरून हसला. "अहो, हे तुम्हाला बावीस वर्षांनी कळलं? निवडणुकीच्या आदल्या वर्षी मला जेवायला सवड नसते आणि मतदानानंतरची दोन वर्षं मी माशा मारत बसतो. थोरल्या पोरीचं लग्नसुद्धा मी मतदानानंतरच्या सालात धरलं."

मग माझी भूक वाढली. तांत्रिक शाखेतून शहराचा नकाशा आणला. जिथे काम झालं तिथे तांबड्या पेन्सिलीने खूण. निवडणूक शाखेतून मतदान केंद्रांचे जुने निकाल आणले, ते कुणीही बघू शकतं, आणि कुणाला किती मतं पडली ते निळ्याने लिहिलं. मला वाटलं होतं, निवडून आलेला माणूस आपल्या माणसांच्या ताटात वाढतो आणि विरोधकांना ठेंगा दाखवतो. सगळं जग असंच समजतं. पण नकाशा तसं म्हणेना. विरोधकांच्या गल्ल्या कोरड्या होत्या, ते बरोबरच. पण एकगठ्ठा मतं देणाऱ्या, हक्काच्या गल्ल्याही तितक्याच कोरड्या! तांबडं होतं ते जिथे पाच-दहा मतांनी इकडचं तिकडे झालं होतं तिथे. एका गल्लीत तर बारा वर्षांत तीनदा डांबर. तिथल्या लोकांना उंबरे उंच करून घ्यावे लागले.

मला काही उलगडेना. आमचे लेखापाल साहेब दोन महिन्यांनी निवृत्त होतात, त्यामुळे हल्ली खरं बोलतात. त्यांच्यापुढे नकाशा पसरला. त्यांनी चष्मा वर केला आणि म्हणाले, "घरच्या माणसाला आपण 'बसा' म्हणतो का? तो बसलेलाच असतो. आणि जो येणारच नाही त्याच्यासाठी पान कोण मांडतो? जो दारात उभा राहून आत यावं की न यावं करतोय, त्यालाच हात धरून आणतात. एवढं साधं आहे. गुंडाळा तो नकाशा."

मी गुंडाळला. पण तुमच्या भागाचे नगरसेवक सही करायला आले होते, त्यांनाही सोडलं नाही. माणूस वाईट नाही, ताई, हे तुला मान्य करावं लागेल. मी विचारलं, पाइपाची कामं तुम्ही मागे का टाकता? ते चिडले नाहीत. "मागच्या खेपेला खालच्या वस्तीत पाइप घातला. दोन महिने खड्डे, रोज शिव्या. पाइप गाडला, माती लोटली, लोक विसरले. पाणी यायला लागलं तर म्हणतात, यायलाच हवं होतं. तिथेच माझी मतं घटली. त्याच खेपेला पलीकडे सहा दिवे लावले, तर अजून लोक हात करतात. आता तुम्हीच सांगा, मी काय करू?" त्यांच्या जागी मी असतो तर दिवेच लावले असते.

हे सगळं मला किती आवडलं म्हणून सांगू! पंधरा दिवस मी जेवतानाही त्याच विचारात. तुझी भावजय म्हणाली, नोकरीला लागल्यापासून तुम्हाला इतकं खूश पाहिलं नव्हतं. चौकस माणसाला दुसरं काय लागतं? रोज थोडी पेन्सिल पुढे सरकवायची. तुमची टेकडी मी शेवटी ठेवली होती. का ठेवली होती ते मला माहीत होतं.

आता तुमच्या गल्लीचं ऐक.

पंधरा वर्षांपूर्वीच्या निवडणुकीत तुमच्या केंद्रावर निम्मी मतं इकडे आणि निम्मी तिकडे. चार मतांचा फरक. त्यानंतरच्या चौथ्या वर्षी तुम्हाला त्या सिमेंटच्या पायऱ्या मिळाल्या आणि दिवे मिळाले. आठवतं? तू म्हणाली होतीस, आता नळ तेवढा वर आला की झालं. त्याच वर्षी तू मला पहिल्यांदा पाइपलाइनचं विचारलंस आणि मी 'बजेटमध्ये आहे' म्हणालो. पुढच्या वर्षी मतदान झालं. दोनशे बारापैकी एकशे सत्त्याण्णव एकाच बाजूला. त्याच्या पुढच्या निवडणुकीला दोनशे तीन. आणि त्या पायऱ्यांनंतरच्या अकरा वर्षांत नकाशावर तुमच्या गल्लीत मला एकही तांबडी खूण करता आली नाही.

ही एकशे सत्त्याण्णव मतं कुणी गोळा केली, ते मला निकालाच्या कागदावरून कळायची गरज नव्हती. तुझ्या शिवणयंत्रापाशी माप द्यायला येणाऱ्या प्रत्येक बाईला तू सांगितलंस, माझा भाऊ आत आहे, तो म्हणतो काम धरलंय, तर त्याच माणसाला निवडून द्यायला नको का? लोकांनी नगरसेवकावर नाही, तुझ्यावर विश्वास ठेवला. तू माझ्यावर ठेवलास.

फोनवर मी तुला अकरा वर्षं एकच उत्तर देत आलो. फोनवर ते फार सोपं जातं. 'आहे, आहे' म्हणायचं आणि भाचीची चौकशी करायची. म्हणून हे पत्र.

पाइपलाइन बजेटमध्ये आहे, ताई. हे खोटं नाही. पान एकशे बारा, ओळ नववी: 'टेकडीवरील वस्तीस जलवाहिनी टाकणे.' तिच्यापुढे आकडा आहे एक हजार. दरवर्षी एक हजार. आमच्याकडे त्याला नाममात्र तरतूद म्हणतात. एक हजारात पाइप सोड, पाइपाची जागा बघायला येणाऱ्या माणसांचा चहासुद्धा जेमतेम होईल. काम करायचं नसतं, पण नाही म्हणायचंही नसतं, तेव्हा ओळ तेवढी जिवंत ठेवतात. मग भाषणात छातीठोक सांगता येतं की काम अंदाजपत्रकात धरलंय. ऐकणारा पान उघडून बघत नाही.

आणि ती ओळ जिवंत ठेवायचं काम माझं. मीच ती ठेवली. पहिल्याच वर्षी लेखापाल साहेब ती काढून टाकायला निघाले होते. मी हातापाया पडलो, म्हटलं, माझ्या बहिणीची गल्ली आहे, हजार तरी राहू द्या. ओळ एकदा काढली की परत घालायला सात सह्या लागतात, हे मला माहीत होतं. मला वाटलं, मी तुझ्यावर उपकार करतोय. आज ना उद्या कुणीतरी त्या हजारापुढे शून्यं वाढवील, तोवर मी ओळ सांभाळतोय, अशा तोऱ्यात अकरा वर्षं दर फेब्रुवारीत ती पुन्हा लिहीत गेलो. ती ओळ नसती तर तू केव्हाच चिडली असतीस. तू चिडली असतीस तर गल्ली चिडली असती, मतं फुटली असती, आणि मग कुणीतरी तुम्हाला हात धरून आत नेलं असतं. मी तुम्हाला घरचं करून टाकलं. घरच्यांना कोण विचारतं?

एक दिवस डोक्यातून जात नाही. गेल्या वर्षी भरलेली कळशी घेऊन तू पायऱ्यांवर पडलीस आणि मनगट मोडलं, तेव्हा मी फळं घेऊन आलो होतो. सात आठवडे तुझं मशीन बंद होतं, तुझ्या समोरच्या आजी तुझ्यासाठी दोन कळश्या वर आणत होत्या, त्याही सत्तरीच्या. त्यांनी मला विचारलं, "बाळा, आमचा नळ कधी येणार रे?" मी म्हणालो, "बजेटमध्ये आहे, आजी." आणि तू प्लॅस्टरमधला हात उशीवर ठेवून त्यांच्याकडे बघितलंस आणि म्हणालीस, "ऐकलंत ना? माझा भाऊ सांगतोय." किती अभिमानाने म्हणालीस! मी तेव्हा खिडकीकडे बघत बसलो. मला लाज वाटली होती, ताई, आणि तरीही मी घरी जाऊन नीट जेवलो.

आई गेल्यावर त्याच चढावरून पाणी भरून तू मला शाळेत पाठवलंस. तुझ्यापुढे उभं राहून हे बोलायची माझी हिंमत नाही. लिहिताना तुझा चेहरा दिसत नाही, एवढंच.

आता कामाचं. यंदाचं अंदाजपत्रक बावीस तारखेला मंजूर होईल. तोवर मसुदा आमच्या शाखेत, दारातून शिरल्यावर डाव्या टेबलावर ठेवलेला असतो. कुणीही येऊन बघावं, कुणीही लेखी सूचना द्यावी, असा नियम आहे. माझ्या इतक्या वर्षांच्या नोकरीत तिघे आले, त्यातला एक मुतारी शोधत होता. तुम्ही या. जमेल तेवढे सगळे या. पान उघडायला लावा, तो हजार सगळ्यांना मोठ्याने वाचून दाखवा आणि लेखी द्या. पोच घ्यायला विसरू नका. मी ती सही करून देईन.

आणि कुणाला मत द्या हे मी सांगणार नाही, तो माझा अधिकार नाही. फक्त कुणाला देणार ते या वेळी आधी सांगू नका. नगरसेवक आले तर चहा द्या, गोड बोला, आणि बघू म्हणा. प्रचाराला दुसरी बाजू आली तरी चहा द्या, बघू म्हणा. आजींनाही म्हणायला शिकव. इतक्या वर्षांच्या आकड्यांतून मला कळलेली अक्कल एवढीच आहे. हे शिकायला इतका नकाशा रंगवावा लागला, हे बघून तू कपाळावर हात मारशील.

याने पाइप येईलच असं मी म्हणत नाही. पुन्हा तुला खात्री द्यायची माझी लायकी राहिलेली नाही. येईल का, ते बघायची मला मात्र फार उत्सुकता आहे.

रविवारी शब्द देऊ नकोस. त्याऐवजी हे पत्र वाच. पहिल्यापासून शेवटपर्यंत, मोठ्याने. मला सांभाळून घ्यायला तू मधलं गाळशील, मी तुला ओळखतो. गाळायचं नाही. साहेब रागावतील, बदली होईल, होऊ दे. पुस्तक सगळ्यांसाठीच आहे, मी कसलंही गुपित फोडलेलं नाही. वाचून झाल्यावर गल्ली मला जे म्हणेल ते मला कळव. तू काय म्हणतेस, तेही. नाही कळवलंस तरी मी समजेन.

भाचीला आशीर्वाद. आजींना सांग, बजेटमध्ये नाही.

तुझ्या तोंडून अकरा वर्षं खोटं वदवलेला,
तुझा धाकटा भाऊ
(वरिष्ठ लिपिक, अंदाजपत्रक शाखा. हेही वाच.)