रिकामं म्हणजे पडीत नव्हे

मंगळवार, दिवेलागण

नागपूरच्या कोर्टातून घरी आलो अन् उंबऱ्यातच एकेकाची तब्येत विचारली. हिचा गुडघा? ठणकतोच. बाबारावचा, म्हणजे धाकट्या भावाचा, खोकला? बसला. अन् हरभरा? तर ही म्हणे, "त्याले काय होते? तुमच्यापेक्षा बरा हाय. निकाल सांगा आधी!"

वावर राहिलं! सरकारनं बापाला भाडेपट्ट्यानं दिलेली जमीन काढून घ्यायचा हुकूम कोर्टानं रद्द केला. सरकारी साहेब पाहणीला भर पावसाळ्यात आले, वावर रिकामं पाहिलं अन् 'पडीत' लिहून मोकळे झाले. अरे, हा खारपाण्याचा मुलूख, विहिरीचं पाणी खारट, पिकाला चालत नाही. पावसाळाभर वावर रिकामं ठेवून ओल धरायची, मग हरभरा पेरायचा. पोटुशी बाई घडीभर टेकली म्हणून तिला आळशी म्हणायचं का?

न्यायमूर्तींनी एवढंच विचारलं, "हुकुमाआधी यांना ऐकून का घेतलं नाही?" आता पाहणी पुन्हा होईल, पण पीक उभं असताना, आम्हाला बोलावून. होऊ दे. रिकामं कुठंय आता?

बाबाराव हसला. "वहिनी, मी तं म्हणत होतो, निकाल लागेलोक पेरू नका."

"म्हनूनच तुले इचारलं नाही," ही म्हणाली.

हिनं पेरलं नसतं तर? नको तो विचार.

अकोल्याच्या लेकीला निरोप धाडला: बाई, हरभऱ्याची भाजी खुडायला कधी येतेस? लवकर कळव, नाहीतर तुझ्याआधी साहेबच येतील.